‘काऊन?’ विचारण्याचा हक्क

समजा कुणी तुम्हाला एका खोलीत कोंडलं आणि हातात चौदा पानांचं बाड दिलं. भाषा अशी, की त्यातलं एक अक्षरही तुम्हाला लागत नाही. वर सांगितलं, "तुला का कोंडलं ते यात लिहिलंय. काही म्हणायचं असेल तर लिहून दे." तुम्ही काय लिहून द्याल?

अशी गोष्ट आपल्या नागपुरात खरोखर घडली. साल होतं १९६१. नागपूरच्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी हुकूम काढला आणि हरिकिसन नावाच्या एका गृहस्थांना तुरुंगात ठेवण्यात आलं. त्यांच्यावर खटला चालवून शिक्षा झाली होती का? नाही. ही होती ‘प्रतिबंधक स्थानबद्धता’.

शब्द मोठा आहे, घाबरू नका. एरवी पोलिसांनी कुणाला पकडलं तर २४ तासांच्या आत त्याला मॅजिस्ट्रेटपुढे उभं करावं लागतं. पुढे खटला चालतो, साक्षीपुरावा होतो आणि गुन्हा सिद्ध झाला तरच शिक्षा. स्थानबद्धतेचं तसं नसतं. ‘हा माणूस उद्या काहीतरी गडबड करील’ असं सरकारी अधिकाऱ्याला वाटलं, तर तो आजच त्याला आत ठेवू शकतो. खटला नाही, साक्षीदार नाहीत.

नंदनवनच्या आमच्या वर्गात हे सांगितलं, तेव्हा मागच्या बाकावरून लगेच आवाज आला, "पण सर, काऊन पकडलं ते तरी सांगा म्हणा त्याईले!"

शाबास! अगदी हेच आपल्या राज्यघटनेने म्हटलंय. घटना लिहिणाऱ्यांपैकी कितीतरी जणांना इंग्रजांनी खटल्याशिवाय डांबून ठेवलं होतं. त्याचा जाच त्यांना चांगला ठाऊक होता. तरी देशाच्या सुरक्षिततेसाठी ही सोय त्यांनी ठेवली, पण तिला कुंपण घातलं. ते कुंपण म्हणजे कलम २२. पकडलेल्या माणसाला लवकरात लवकर कारणं कळवायची. त्याला आपलं म्हणणं मांडायची संधी द्यायची. तीन महिन्यांपेक्षा जास्त ठेवायचं असेल, तर सल्लागार मंडळाला ते योग्य वाटलं पाहिजे.

हरिकिसन यांना कारणं दिली होती, टाइप केलेली चौदा पानं! त्यांत तेरा वर्षांतल्या गोष्टी होत्या, कितीतरी कोर्टकज्जांचे उल्लेख होते. पण सगळं इंग्रजीत. हरिकिसन यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी विनंती केली, "मला हे हिंदीत द्या." उत्तर मिळालं, "कारभाराची भाषा इंग्रजी आहे. शिवाय कागद देताना त्याचा अर्थ तुम्हाला तोंडी सांगितला होता."

मुलांनो, चौदा पानं कुणी एकदा तोंडी सांगितली, तर तुमच्या किती लक्षात राहतील? आणि त्यातल्या एकेका मुद्द्याला उत्तर कसं देणार?

हरिकिसन कोर्टात गेले. नागपूरच्या उच्च न्यायालयात त्यांचा अर्ज फेटाळला गेला. मग प्रकरण दिल्लीला सर्वोच्च न्यायालयात पोहोचलं. १९६२ साली निकाल लागला. न्यायालय म्हणालं, कारणं ‘कळवणं’ म्हणजे नुसता कागद हातात ठेवणं नव्हे. माणसाला समजेल अशा भाषेत, आणि तो साक्षर असेल तर त्याला वाचता येईल अशा लिपीत ती दिली पाहिजेत. कारण समजलंच नाही, तर तो आपली बाजू मांडणार कशी? हरिकिसन यांची सुटका झाली.

ते गुन्हेगार होते की निर्दोष, हे न्यायालयाने ठरवलंच नाही. प्रश्न एवढाच होता, की कोंडताना सरकारने घटनेचा नियम पाळला की नाही?

आता दुसरी बाजूही ऐका. २५ जून १९७५ला देशात आणीबाणी जाहीर झाली. ‘मिसा’ कायद्याखाली हजारो लोकांना स्थानबद्ध केलं गेलं. त्या कायद्यात अशी दुरुस्ती झाली, की कारणं सांगायचीच नाहीत, ती गुप्त! हक्कांसाठी कोर्टात जाण्याची वाटही राष्ट्रपतींच्या आदेशाने अडवली गेली. तरी अनेक उच्च न्यायालयांनी, त्यांत आपल्या नागपूर खंडपीठानेही, म्हटलं की हुकूम कायद्याला धरून आहे का, एवढं तरी आम्ही तपासू शकतो. सरकार त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलं. २८ एप्रिल १९७६ला निकाल आला. चार न्यायमूर्ती सरकारच्या बाजूने आणि एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना विरुद्ध. खन्नांना याची किंमत मोजावी लागली. सरन्यायाधीश होण्याची पाळी त्यांची होती, पण जानेवारी १९७७मध्ये त्यांना डावलून त्यांच्यापेक्षा कनिष्ठ न्यायमूर्तींना नेमलं. खन्नांनी राजीनामा दिला.

पण गोष्ट इथे संपली नाही. १९७८च्या ४४व्या घटनादुरुस्तीने ठरलं, की आणीबाणी असली तरी जीविताच्या आणि व्यक्तिगत स्वातंत्र्याच्या हक्कासाठी कोर्टाचं दार बंद करता येणार नाही. २४ ऑगस्ट २०१७ला सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने १९७६चा तो निकाल चुकीचा होता, असं स्पष्ट सांगितलं. १९७६च्या चौघांत न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड होते. २०१७च्या नऊ जणांत त्यांचे चिरंजीव न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड होते. वडिलांचा निकाल चुकला, असं मुलाने लेखी सांगितलं!

स्थानबद्धतेचे कायदे आजही आहेत. असे हुकूम आजही निघतात आणि लोक त्यांविरुद्ध न्यायालयात जातात. कारणं समजणाऱ्या भाषेत दिली होती का, हे न्यायमूर्ती तेव्हा बघतात. नागपूरच्या त्या चौदा पानांमुळे लागलेला निकाल अजून उपयोगी पडतो.

या रविवारी एक काम करा. आई-बाबांना सोबत घेऊन वाचनालयातून राज्यघटनेचं मराठी पुस्तक आणा. कलम २२ काढा, त्यातलं पाचवं पोटकलम मोठ्याने वाचा आणि त्याचा अर्थ घरातल्या सगळ्यांना तुमच्या घरच्या बोलीत समजावून सांगा. आजीलाही कळला, तर तुम्ही तो नीट ‘कळवला’ असं समजा!