सुपरहिरोलाही डॉक्टर लागतो

कार्टूनमधला सुपरहिरो शेवटच्या भागात खलनायकाला हरवतो आणि मुले टाळ्या वाजवतात. ‘स्टीव्हन युनिव्हर्स फ्यूचर’ या अमेरिकी मालिकेचा शेवट वेगळा आहे. आपल्याकडे टाळेबंदी नुकतीच लागली होती, तेव्हा २७ मार्च २०२० रोजी तिचे अखेरचे भाग दाखवले गेले. त्यात हरवायला खलनायकच उरलेला नाही. सोळा वर्षांचा नायक स्टीव्हन स्वतःच राक्षस होतो.

लहानपणापासून त्याने सगळ्यांचे प्रश्न सोडवले, आपले दुखणे मात्र कुणाला सांगितले नाही. लढाया संपल्यावर तो लहानसहान कारणांनी बिथरू लागतो. भारतीय वंशाच्या डॉ. महेश्वरन त्याचा एक्स-रे काढतात, तेव्हा हाडे मोडून जुळल्याच्या खुणा दिसतात. मग त्या विचारतात, लहानपणी आणखी काय काय सोसलेस?

या प्रश्नामागे विज्ञान आहे. धोका दिसला की मूत्रपिंडांवरच्या ग्रंथी ॲड्रिनालिन आणि कॉर्टिसॉल सोडतात. छाती धडधडते, स्नायू ताठ होतात. धोका टळला की हे ओसरते. पण बालपणी असे वारंवार घडले, तर शरीर कायम सावध राहायला शिकते. मग दार आपटले तरी जिवावर बेतल्यासारखे वाटते. मारहाण, घरातले व्यसन असे अनुभव जितके जास्त, तितका मोठेपणी नैराश्याचा आणि हृदयविकाराचाही धोका अधिक, असे अमेरिकेत १९९८ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात दिसले.

असे स्टीव्हन धरणगाव-एरंडोलकडच्या घरांतही असतात. जिथे कर्ज, दारू किंवा लांबलेले आजारपण असते, तिथे थोरले मूल लवकर शहाणे होते. ‘आमचा पोरगा फार समजूतदार, कधी काही मागत नाही,’ असे आपण कौतुकाने सांगतो. त्याची झोप उडाली, तपासणीत काही न सापडता पोट किंवा डोके दुखत राहिले, अचानक संताप येऊ लागला, तर ते नाटक समजू नये.

मालिकेत राक्षस झालेल्या स्टीव्हनला आधी सगळे आवरायला धावतात. पण त्याची मैत्रीण कॉनी त्यांना आठवण देते, की गरज पडली तेव्हा हाच आपल्यासाठी उभा राहिला होता. सगळे त्याला बिलगतात, तो ढसाढसा रडतो आणि माणसात येतो. तरी एका मिठीने सारे बरे होत नाही. पुढे तो समुपदेशकाची मदत घेतो.

मन मोकळे करणे खानदेशाला नवे नाही. अंमळनेरला शिक्षक असलेल्या साने गुरुजींचा श्यामही रात्रीमागून रात्री सोबत्यांना आपले बालपण सांगतो. घरातल्या मुलालाही असा ऐकणारा हवा. त्याला आधी बोलू द्या, उपदेश नंतर. त्रास दोन आठवड्यांहून जास्त टिकला, तर डॉक्टरांना दाखवा. ‘टेलि-मानस’च्या १४४१६ या मोफत क्रमांकावर कोणत्याही वेळी बोलता येते. मूल जिवाचे बरेवाईट करण्याची भाषा करत असेल, तर एक दिवसही थांबू नका.