टिकटिक, खटखट आणि खडखडाट : हायड्रॉलिक टॅपेटच्या आवाजाचे निदान

मोटारीच्या इंजिनातून येणाऱ्या आवाजाचे निदान हा यंत्रशास्त्राचा विषय मानला जातो, आणि तो तसा आहेही. परंतु निदानाची पहिली पायरी यंत्रापाशी नसून वाक्यापाशी असते. यवतमाळ, वणी, पुसद किंवा पांढरकवडा येथील गॅरेजात एखादी गाडी दुरुस्तीस येते तेव्हा पुष्कळदा तिचा आवाज थांबलेला असतो. घाटंजीकडच्या एखाद्या गावाहून निघालेली गाडी तीस-चाळीस किलोमीटर धावून आलेली असते. इंजिन तापलेले असते. पहाटे ऐकू आलेली टिकटिक वाटेतच विरून गेलेली असते. कारागिराच्या हाती उरते ते केवळ मालकाने केलेले वर्णन. त्या वर्णनावरून इंजिनाचे डोके उघडावयाचे की केवळ तेल बदलावयाचे हे ठरते, आणि या दोन निर्णयांच्या खर्चात फार मोठे अंतर असते. म्हणून आवाजाला दिलेला शब्द आणि आवाजाचे कारण यांचा संबंध तपासणे भाषाभ्यासकालाही अप्रस्तुत वाटू नये.

प्रथम ज्या शब्दाभोवती हा सारा व्यवहार फिरतो त्या 'टॅपेट' या शब्दाचा विचार करू. कुर्ल्याच्या प्रीमिअर कारखान्यातून निघणारी फियाट, १९७४ पासून 'पद्मिनी' म्हणून ओळखली गेलेली तीच गाडी, आणि अँबॅसडर, यांच्या इंजिनांबरोबर हा शब्द आपल्याकडील कारागिरांच्या तोंडी रुळला. त्या इंजिनांत झडप आणि तिला ढकलणारा भाग यांच्यामध्ये मुद्दाम थोडी फट ठेवावी लागे. झडप तापली म्हणजे लांबते. फट नसेल तर ती पूर्ण मिटणार नाही, आणि अर्धवट मिटलेली झडप जळून जाईल. ही फट मिलिमीटरच्या काही दशांशांएवढी असे. झिजेने ती वाढली की इंजिन वाजू लागे. मग फिलर गेजचे पाते घालून, लॉकनट सैल करून, पेचकसाने स्क्रू फिरवून ती पूर्ववत करीत. याला 'टॅपेट सेटिंग' म्हणत. रोग, अवयव आणि उपाय या तिन्ही गोष्टी एका शब्दात सामावल्या होत्या.

पुढे यंत्र बदलले, शब्द मात्र राहिला. २००७ साली भारतात आलेली डिझेलवरची स्विफ्ट, आणि त्यानंतरच्या इंडिका व्हिस्टा, पुंटो, लिनिआ या गाड्यांतून फियाटचे १.३ लिटरचे मल्टिजेट इंजिन महाराष्ट्रभर पोहोचले. पुणे जिल्ह्यातील रांजणगाव आणि हरियाणातील मानेसर या दोन्ही ठिकाणी ते तयार होत असे; एप्रिल २०२० मध्ये प्रदूषणाचे नवे मानक लागू झाल्यावर ते आपल्याकडे बंद पडले, तरी त्यावर चालणाऱ्या गाड्या रस्त्यांवर विपुल आहेत. या इंजिनात सोळा झडपा आहेत आणि प्रत्येकीला एकेक हायड्रॉलिक टॅपेट. तेथे फिलर गेज घालावयास फट नाही आणि फिरवावयास स्क्रूही नाही. तरीदेखील 'भाऊ, टॅपेट टाइट करून द्या' ही मागणी होतच असते. ज्या उपायाला यंत्रात जागाच उरली नाही तो उपाय शब्दाने जिवंत ठेवला आहे. अर्थपरिवर्तनाच्या चर्चेत अशा उदाहरणांकडे सहसा लक्ष जात नाही. वास्तविक त्यांची किंमत रोख पैशांत मोजता येते.

हायड्रॉलिक टॅपेटची कल्पना जुनी आहे. १९३० च्या सोळा सिलिंडरांच्या कॅडिलॅकमध्ये ती झडपांचा आवाज नाहीसा करण्यासाठीच वापरली होती. तिची रचना अशी : एका छोट्या पोकळ नळकांड्यात अगदी नेमका बसणारा एक दट्ट्या असतो. त्याच्या खाली स्प्रिंग आणि तेलाची कोठडी. कोठडीच्या तोंडाशी एक बारीक गोळी. झडप मिटलेली असताना स्प्रिंग दट्ट्याला वर उचलते व फट भरून काढते. दट्ट्या वर गेल्याने कोठडीत जागा होते आणि गोळीवरून तेल आत येते. कॅमचा उंचवटा दाब देऊ लागताच गोळी तोंड बंद करते. तेल दाबले जात नाही, त्यामुळे दट्ट्या आणि नळकांडे मिळून एखाद्या भरीव खुंटीप्रमाणे वागतात. दट्ट्याच्या कडेने यत्किंचित तेल पाझरते. ते पाझरणेही आवश्यक आहे, नाहीतर झडप लांबल्यावर तिला मिटण्यास वाव राहणार नाही. यावरून लक्षात येईल की टॅपेटला वाजण्यासाठी फार थोडी कारणे उपलब्ध आहेत. तेल पोहोचत नाही. तेलात हवा मिसळली आहे. गोळीखाली कचरा अडकला आहे. दट्ट्या काळ्या चिकट थराने आवळला आहे. किंवा झिजेमुळे पाझर अवाजवी वाढला आहे. पहिल्या चार कारणांत टॅपेट निर्दोष असू शकतो.

आता शब्दांकडे वळू. मराठीत अनुकरणवाचक शब्दांचा साठा मोठा आहे. १८५७ साली निघालेल्या मोल्सवर्थच्या कोशाच्या दुसऱ्या आवृत्तीत ते पानोपानी आढळतात आणि व्याकरणकारांनी त्यांना अभ्यस्त शब्दांत जागा दिली आहे. परंतु हे शब्द केवळ नादाची नक्कल करतात असे म्हणून सोडून देणे बरोबर नाही; ते ध्वनीचे वर्गीकरणही करतात. टिकटिक, टकटक, खटखट, ठकठक, खडखड, घरघर ही माळ पाहावी. 'इ'कडून 'अ'कडे जाताना आवाज हलक्याकडून जडाकडे सरकतो. 'ट'वर थांबणारा शब्द तुटक आघात सांगतो. 'ड' आणि 'र' असलेला शब्द आघातांची सांधलेली रांग सांगतो. म्हणूनच 'खट'पासून 'खटकन' होते, पण 'घर'पासून 'घरकन' होत नाही. घरघर एकेकटी मोजता येत नाही.

'आट' हा प्रत्यय तर येथे विशेष उपयोगी आहे. खडखडाट, किलबिलाट, चिवचिवाट या शब्दांत आधिक्य किंवा अनेकत्व आहे. एका चिमणीचा चिवचिवाट सहसा होत नाही. 'टिकटिकाट' असा शब्द रूढ नाही. हा नियम नव्हे, कल आहे. परंतु इंजिनाचे अंकगणित त्याला पुष्टी देते. कॅमशाफ्ट इंजिनाच्या निम्म्या वेगाने फिरते. उभ्या गाडीत इंजिन मिनिटाला ८५० फेरे घेत असेल तर प्रत्येक झडप मिनिटाला ४२५ वेळा, म्हणजे सेकंदाला सुमारे सात वेळा उघडते. एकच टॅपेट बिघडला तर कानाला सेकंदाला सात सुटे ठोके ऐकू येतात : ही टिकटिक. सगळेच वाजू लागले, तर जोडीने उघडणाऱ्या झडपा एक धरल्या तरी सेकंदाला पन्नासांहून अधिक ठोके होतात. ते कानाला सुटे करता येत नाहीत : हा खडखडाट. तेव्हा ग्राहकाने यांपैकी कोणता शब्द वापरला हे पाहणे म्हणजे रोग एका अवयवाचा आहे की सर्वांना पुरविल्या जाणाऱ्या तेलाचा, याचा पहिला अंदाज घेणे होय. सोळा टॅपेट एकाच दिवशी झिजत नाहीत.

दुसरा पुरावा क्रियापदात सापडतो, आणि तो यवतमाळ जिल्ह्याच्या बोलीत प्रमाण मराठीपेक्षा स्पष्ट आहे. (ग्रिअर्सनच्या सर्वेक्षणाचा मराठीविषयक खंड १९०५ साली प्रसिद्ध झाला, वणीच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या जिल्ह्याला यवतमाळ हे नाव मिळाले तेही त्याच वर्षी.) 'गाडी टिकटिक करते' या प्रमाण मराठी वाक्यातून आवाज आत्ता चालू आहे की नेहमी होतो, हे निश्चित कळत नाही. वऱ्हाडीत चालू क्रियेसाठी 'करून राह्यली' हे रूप आहे. 'सकाळी टिकटिक करते, मंग बंद होऊन जाते' आणि 'वणीपासून टिकटिक करून राह्यली' या दोन वाक्यांत दोन भिन्न निदाने आहेत. पहिल्यात रात्रभर उभ्या राहिलेल्या इंजिनाच्या टॅपेटांतून तेल ओघळून गेले व सकाळी ते पुन्हा भरले, एवढेच असू शकते. काही सेकंदांत थांबणारा असा आवाज रोगच नव्हे. तो मिनिटभर रेंगाळू लागला तर ऑइल फिल्टरमधील तेल मागे ओघळू न देणारी झडप किंवा तेलाची प्रत संशयास्पद ठरते. दुसऱ्या वाक्यात इंजिन तापल्यावरही आवाज टिकून आहे. तेथे पातळ झालेले तेल, कमी दाब किंवा झिजलेला टॅपेट यांचा विचार करावा लागतो. पश्चिम महाराष्ट्रातून आलेल्या कारागिराला 'करून राह्यली' हा निव्वळ ग्राम्य उच्चार वाटला, तर एक महत्त्वाचा दाखला त्याच्या हातून निसटतो.

अर्थात शब्दाने दिशा मिळते, निर्णय मिळत नाही. टिकटिक करणारे पदार्थ इंजिनात आणखीही आहेत. डिझेलचा इंजेक्टर देखील दोन फेऱ्यांत एकदाच उडतो, त्यामुळे त्याचा ताल टॅपेटच्या तालाशी तंतोतंत जुळतो. कान येथे हमखास फसतो. उतारावर गाडी गिअरमध्ये ठेवून ॲक्सिलरेटरवरून पाय काढला असता आधुनिक इंजिनात इंधन बंद होते. तेव्हा आवाज थांबला तर तो इंजेक्टरचा किंवा ज्वलनाचा; चालू राहिला तर टॅपेटचा संशय बळावतो. एक्झॉस्टची गॅस्केट फुटली असली तरी थंड इंजिनात टिकटिक होते आणि धातू फुगून भेग मिटली की थांबते, म्हणजे वर्णन अगदी पहिल्या वाक्यासारखेच होते. परंतु तेथे काजळीचा डाग दिसतो आणि चढावर आवाज वाढतो. सर्वांत धोक्याची गफलत टायमिंग चेनची. गाडी सुरू करताना इंजिनाच्या चेनकडील टोकाशी होणारी खडखड 'टॅपेटच आहे, चालू द्या' म्हणून दुर्लक्षित राहिली आणि चेनने दाते सोडले, तर झडपा पिस्टनवर आदळतात. पेचकसाचे टोक इंजिनावर आणि मूठ कानाच्या हाडावर टेकून आवाजाची जागा शोधण्याची जुनी रीत म्हणूनच टाकाऊ नाही. फिरत्या पट्ट्यापासून बाही दूर ठेवावी एवढेच.

आता उपायाचा क्रम. सपाट जमिनीवर गाडी उभी करून तेलाची पातळी पाहावी. ती कमी असेल तर पंप हवा ओढतो. जास्त असेल तर क्रँक ते घुसळून फेस करतो, आणि फेस दाबला जातो. वेग वाढविल्यावरच येणाऱ्या आवाजाचे मूळ कित्येकदा या 'थोडे जास्त भरले तर काय बिघडते' वृत्तीत असते. त्यानंतर तेलाची प्रत. यवतमाळचा उन्हाळा ४२-४३ अंशांपलीकडे सहज जातो, म्हणून जाडसर तेल घालण्याकडे काहींचा कल असतो. पुस्तिकेत सांगितलेल्या प्रतींपलीकडे जाऊ नये. अति जाड तेल थंड इंजिनात टॅपेटच्या बारीक छिद्रापर्यंत उशिरा पोहोचते. तेल व फिल्टर बदलून काहीशे किलोमीटर गाडी चालविल्यावर पुष्कळ टॅपेट आपोआप शांत होतात, कारण नव्या तेलातील प्रक्षालक द्रव्ये चिकट थर हळूहळू सोडवितात. तरीही आवाज असेल तर यांत्रिक मापकाने तेलाचा दाब मोजावा. तापलेल्या इंजिनात दाब कमी भरला, तेलाचा तांबडा दिवा लुकलुकू लागला आणि जोडीला खडखडाट असेल, तर इंजिन तत्काळ बंद करावे. दोष पंपात, गाळणीत किंवा बेअरिंगमध्ये आहे, टॅपेट केवळ बातमी देत आहेत. अशा वेळी सोळा नवे टॅपेट बसविणे म्हणजे पैसा वाया घालविणे होय.

दाब योग्य असून एकच ठोका उरला असेल, तरच उघडण्याची वेळ आली. मल्टिजेटमध्ये कॅमशाफ्टचे घर काढल्याखेरीज टॅपेट हाती लागत नाही, आणि त्यासाठी टायमिंग हलू न देण्याची हत्यारे लागतात. ती नसतील तर हे काम हाती घेऊ नये. काढलेले टॅपेट क्रमाने मांडून ठेवावेत. अंगठ्याने दाबून पाहिल्यास तेलाने भरलेला चांगला टॅपेट दगडासारखा लागतो. बिघडलेला स्पंजासारखा दबतो. कॅमचे उंचवटे आणि रोलर तपासावेत, कारण रोलर झिजला असेल तर नवा टॅपेटही वाजेल. टॅपेट धुवावयाचाच असेल तर एकाचा दट्ट्या दुसऱ्याच्या नळकांड्यात जाऊ देऊ नये. प्रत्येक जोडी एकमेकींसाठी मापून केलेली असते. मजुरीचा विचार करता गाडीने लाखभर किलोमीटरांहून अधिक प्रवास केला असेल तर एक बदलण्यापेक्षा सारा संच बदलणे शहाणपणाचे.

जोडणी झाल्यावर लगेच किल्ली फिरविण्याचा मोह आवरावा. नवे टॅपेट पूर्ण वर आलेले असतात. त्यांतील जादा तेल पाझरून जाण्यास निदान अर्धा तास द्यावा, नाहीतर झडपा अर्धवट उघड्या राहून पिस्टनला लागण्याचे भय असते. नंतर इंजिन हाताने दोन पूर्ण फेरे फिरवून कोठे अडत नाही याची खात्री करावी. सुरू केल्यावर काही मिनिटे आवाज होईल. कोठड्यांतील हवा निघून जाईपर्यंत इंजिन दोन हजार फेऱ्यांच्या आसपास स्थिर ठेवावे. दुसऱ्या दिवशी सकाळी, इंजिन पूर्ण थंड असताना, मालकाला शेजारी उभे करून ते एकदा सुरू करावे, आणि आता काय ऐकू येते ते त्याच्याच शब्दांत विचारावे.