पडद्यावर न आलेला हैदराबादी

उन्हाळ्याच्या सुट्टीत लातूरची भाचरं नांदेडला आली की आमच्या घरात दोन गोष्टींवरून भांडणं होतात. कूलरसमोर कुणी झोपायचं आणि रात्री टीव्हीवर काय लावायचं. यंदा दुसऱ्या भांडणात जासूसी सिनेमे जिंकले. एका रात्री ‘ब्रिज ऑफ स्पाइज’ लागला. न्यूयॉर्कमध्ये चित्रं काढत राहणारा म्हातारा रशियन हेर रुडॉल्फ एबल आणि त्याच्या बदल्यात सोडवून आणलेला अमेरिकी वैमानिक गॅरी पॉवर्स, अशी ती गोष्ट. १० फेब्रुवारी १९६२ च्या सकाळी बर्लिनजवळच्या एका पुलावर ही अदलाबदल खरोखरच झाली होती. पॉवर्सचं विमान १ मे १९६० ला पेशावरजवळून उडालं होतं, हे सांगितल्यावर मुलं उठून बसली. पेशावर म्हणजे काही फार लांबचं गाव नव्हे, असं त्यांना वाटलं असावं.

मोठ्या भाच्याने विचारलं, “फुफा, आपल्याकडचा कुणी होता का असा?”

“आपल्याकडचा म्हणजे?”

“नांदेडचा, लातूरचा. नाहीतर निदान हैदराबादचा तरी.”

आम्ही नवरा-बायको एकमेकांकडे पाहून हसलो. आमच्यातला एक नांदेडचा, दुसरी लातूरची. दोघांच्याही घरांत जासूसी गोष्टींची आवड जुनी. नांदेडच्या घरी माळ्यावर एक पत्र्याची पेटी होती, त्यात इब्ने सफींचे अंक. ‘जासूसी दुनिया’तले फरीदी आणि हमीद, नंतर आलेला इमरान. वरून वेडगळ, बावळट वाटणारा हा इमरानच सीक्रेट सर्व्हिसचा प्रमुख असतो आणि त्याच्याच माणसांना ते ठाऊक नसतं. उर्दू वाचता येणाऱ्या घरांत एक अंक किती हातांतून फिरायचा, याला हिशेब नव्हता. लातूरच्या घरी गंमत वेगळी होती. तिथे वह्यांना सोव्हिएत मासिकांच्या गुळगुळीत रंगीत पानांची कव्हरं असायची. गणिताच्या वहीवर ट्रॅक्टर चालवणारी बाई, इतिहासाच्या वहीवर बर्फातली शाळा. त्या चित्रांतल्या देशात घराघरांत हेर शोधले जात होते, हे तेव्हा कुणाला माहीत!

सिनेमे तर सगळ्यांनीच पाहिले. १९६७ चा ‘फर्ज’, त्यात जीतेंद्रचा एजंट ११६. पुढच्या वर्षी रामानंद सागर यांचा ‘आँखें’, त्यात धर्मेंद्र. अगदी अलीकडे ‘राझी’. एवढं सगळं असूनही नांदेडच्या घरात एक शब्द चालत नसे. भावंडांपैकी कुणी चुगली केली आणि दुसऱ्याने त्याला “मुखबिर” म्हटलं, की दादी हातातलं काम टाकून यायची. ती या घरात सून म्हणून आली तेव्हा इथे निजामाचं राज्य होतं. सप्टेंबर १९४८ मध्ये ते गेलं. त्यानंतरच्या दिवसांबद्दल ती कधी काही बोलली नाही. फक्त, कुणालाही, थट्टेतसुद्धा, मुखबिर म्हणायचं नाही, एवढंच. इमरानचे अंक मात्र ती स्वतः वाचून घ्यायची. त्यात तिला काही वावगं दिसत नसे.

भाच्याच्या प्रश्नाला उत्तर आहे. हैदराबादचा माणूस होता. नांदेड आणि लातूर ज्या संस्थानात होते त्याच्या राजधानीत तो जन्मला, आणि पुढे ज्या क्रांतीवर त्याने विश्वास टाकला तिनेच त्याला ठार केलं.

त्याचं नाव वीरेंद्रनाथ चट्टोपाध्याय. युरोपात सगळे त्याला ‘चट्टो’ म्हणत. जन्म ३१ ऑक्टोबर १८८०. वडील अघोरनाथ एडिंबरोहून विज्ञानाची डॉक्टरेट घेऊन आलेले, पुढे जे निजाम कॉलेज झालं त्याचे पहिले प्राचार्य. माणूस सरळ बोलणारा. चांदा रेल्वेच्या योजनेला विरोध केला म्हणून १८८३ मध्ये दरबाराने त्यांना हैदराबादेतून घालवून दिलं होतं. नंतर परत बोलावलं. थोरली बहीण सरोजिनी, म्हणजे सरोजिनी नायडू. लग्नाच्या खरेदीला अॅबिड्सला जाणाऱ्या नांदेडकरांनी ‘गोल्डन थ्रेशोल्ड’ हे त्यांचं घर रस्त्यावरून तरी पाहिलेलं असतं.

विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला चट्टो आय.सी.एस.च्या तयारीसाठी विलायतेला गेले. साहेब होऊन यायचे, ते इंग्रजांविरुद्ध लिहू-बोलू लागले. लंडनमध्ये इंडिया हाऊस, मग पॅरिसमध्ये मादाम कामांची सोबत. १९१४ ला महायुद्ध पेटल्यावर बर्लिनमध्ये जर्मनांच्या मदतीने हिंदुस्तान सोडवू पाहणारी जी समिती उभी राहिली, तिचे ते प्रमुख माणूस. याच बर्लिनच्या मदतीने निघालेल्या मोहिमेतून १ डिसेंबर १९१५ ला काबूलमध्ये हंगामी हिंदुस्तान सरकार स्थापन झालं. राष्ट्राध्यक्ष राजा महेंद्र प्रताप, पंतप्रधान मौलाना बरकतुल्ला, गृहखातं मौलाना उबैदुल्ला सिंधींकडे. रेशमी कापडावर लिहिलेली त्यांची पत्रं १९१६ मध्ये पंजाबात इंग्रजांच्या हाती पडली आणि ‘रेशमी रूमाल’ प्रकरण उघडकीला आलं, हे आपल्या घरांत ऐकलेलं असतं. त्या पत्रांची एक दोरी बर्लिनमध्ये या हैदराबादी माणसाच्या हातात होती, हे मात्र सहसा कुणी सांगत नाही.

तर इंग्रज हेर त्यांच्या मागावर होतेच. १९१५ मध्ये स्वित्झर्लंडमध्ये त्यांना जाळ्यात ओढण्याचा प्रयत्न झाला, तो फसला. त्याच काळात सॉमरसेट मॉम हा नावाजलेला लेखक स्वित्झर्लंडमध्ये ब्रिटिश हेरखात्यासाठी काम करत होता. १९२८ मध्ये त्याचं ‘अॅशेंडेन’ हे कथांचं पुस्तक आलं. खऱ्या हेराने लिहिलेल्या हेरकथा म्हणून त्याचं आजही नाव घेतात. त्यातल्या ‘जूलिया लझारी’ या कथेत चंद्रलाल नावाचा हिंदी क्रांतिकारक आहे. एका नर्तकीवर त्याचं प्रेम आहे. इंग्रज तिला धमकावून त्याला सरहद्दीपलीकडून बोलावणारी पत्रं लिहायला लावतात. तो येतो, पकडला जातो आणि विष घेतो. हा चंद्रलाल चट्टोंवरून घेतलेला. म्हणजे प्रत्यक्षात जे इंग्रजांना जमलं नाही, ते लेखकाने कागदावर करून टाकलं!

या पुस्तकावर हिचकॉकने १९३६ मध्ये ‘सीक्रेट एजंट’ नावाचा सिनेमा काढला. आज शेकड्यांनी निघणाऱ्या जासूसी सिनेमांचा तो एक आजोबाच. पण त्यासाठी पुस्तकातल्या दुसऱ्या कथा उचलल्या. आमचा हैदराबादी पडद्यावर येता येता राहिला. सिनेमा लागला त्या वर्षी खरे चट्टो जिवंत होते. लेनिनग्राडच्या एका संशोधन संस्थेत जगभरच्या लोकांच्या चालीरीतींचा अभ्यास करत होते.

लेनिनग्राडला ते कसे पोहोचले, ते सांगायला हवं. १९२१ मध्ये बर्लिनहून काही हिंदी क्रांतिकारक नव्या सोव्हिएत सरकारची मदत मागायला मॉस्कोला गेले. त्यांत चट्टो होते आणि आपले वर्ध्याचे पांडुरंग खानखोजेही. खानखोजे गदर पक्षाचे. महायुद्धात इराणच्या डोंगरांत मुसलमानी वेश घेऊन इंग्रजांशी लढलेले. मॉस्कोत काही हाती लागेना, तेव्हा ते मेक्सिकोला गेले, मक्याच्या आणि गव्हाच्या वाणांवर काम करून शेतीशास्त्रज्ञ म्हणून नावाजले आणि म्हातारपणी नागपुरात वारले. चट्टो बर्लिनला परतले. १९२७ मध्ये ब्रसेल्सला साम्राज्यशाहीविरोधी परिषद भरली, तिच्यातून निघालेल्या संघटनेचे ते एक चिटणीस झाले. नेहरूंची त्यांच्याशी ओळख होती आणि आत्मचरित्रात त्यांनी चट्टोंबद्दल मायेने लिहिलं आहे. जर्मनीत हिटलरची हवा तापू लागली, तसे १९३१ मध्ये चट्टो सोव्हिएत युनियनमध्ये गेले आणि तिथलेच झाले.

इथे एका बाईची गोष्ट येते. अॅग्नेस स्मेडली, अमेरिकेतल्या गरीब घरातली मुलगी, पुढे पत्रकार. बर्लिनमध्ये ती काही वर्षं चट्टोंची सहचरी होती. संसार काही सुखाचा झाला नाही. मग ती चीनमध्ये गेली. शांघायला तिची भेट रिचर्ड झोर्गेशी झाली आणि तिने त्याची ओळख ओझाकी या जपानी पत्रकाराशी करून दिली. झोर्गे हा सोव्हिएत लष्करी हेरखात्याचा माणूस. पुढे टोकियोत जर्मन पत्रकार म्हणून राहून, थेट जर्मन वकिलातीत बसून, त्याने मॉस्कोला जी माहिती पुरवली तिला हेरगिरीच्या इतिहासात तोड नाही. हिटलर हल्ला करणार हे त्याने आधी कळवलं, स्टालिनने मानलं नाही. ऑक्टोबर १९४१ मध्ये तो पकडला गेला. ७ नोव्हेंबर १९४४ ला त्याला आणि ओझाकीला टोकियोत फाशी दिली.

मॉस्कोने त्याला ओळखसुद्धा दाखवली नाही, वीस वर्षं! मग १९६१ मध्ये एका फ्रेंच दिग्दर्शकाने त्याच्यावर सिनेमा काढला. सांगतात की तो पाहून क्रुश्चेवने आपल्या माणसांना विचारलं, हा खरंच आपला होता का? नोव्हेंबर १९६४ मध्ये झोर्गेला मरणोत्तर ‘सोव्हिएत युनियनचा वीर’ हा किताब मिळाला. सिनेमामुळे एका हेराला स्वतःचं नाव परत मिळालं, असं हे उदाहरण. पण त्याची बायको कात्या मॉस्कोत होती. तो टोकियोच्या तुरुंगात असताना, १९४२ मध्ये, तिला हेरगिरीच्या आरोपावरून पकडलं आणि सैबेरियात पाठवलं. तिथे ती १९४३ मध्ये मेली. नवरा ज्या सरकारसाठी हेरगिरी करत होता, त्याच सरकारने बायकोला हेर ठरवलं. हे आम्ही मुलांना सांगितलं तेव्हा धाकटी भाची म्हणाली, “मग तिची माफी कुणी मागितली?” आमच्याकडे उत्तर नव्हतं.

रशियन लोकांनीही जासूसी सिनेमे पुष्कळ काढले. १९७३ मध्ये तिथे टीव्हीवर बारा भागांची ‘वसंताचे सतरा क्षण’ ही मालिका लागली. नायक श्टिर्लिट्झ जर्मन अधिकारी बनून बर्लिनमध्ये वावरतो. मारामारी जवळजवळ नाहीच. तिच्यातला सगळ्यांच्या लक्षात राहिलेला प्रसंग असा: त्याच्या बायकोला रशियाहून आणून एका कॅफेत बसवलेलं असतं. तो दुसऱ्या टेबलावर. जवळ जायचं नाही, बोलायचं नाही. कित्येक मिनिटं दोघं फक्त लांबून पाहतात, मग तिला घेऊन जातात. आमच्या मते बंदुका-गाड्यांच्या सगळ्या सिनेमांपेक्षा या एका प्रसंगात हेराचं घर जास्त खरं दिसतं. ‘राझी’ आवडला तोही त्यातल्या घरामुळेच.

आणि चट्टो? लेनिनग्राडला त्यांनी लिडिया कारुनोव्स्काया या संशोधक बाईशी लग्न केलं. १९३७ च्या जुलैत रात्री माणसं आली आणि त्यांना घेऊन गेली. ते वर्ष स्टालिनच्या धरपकडीचं. परदेशी माणूस, बऱ्याच भाषा येणारा, जर्मनीत राहिलेला, म्हणजे हेर असणारच, असा त्या वेळचा सरकारी हिशेब. ३१ ऑगस्टला १८४ नावांच्या एका यादीवर स्टालिन, मोलोटोव्ह आणि आणखी तिघांच्या सह्या झाल्या. तिच्यात चट्टोंचं नाव होतं. २ सप्टेंबरला शिक्षा सुनावली आणि त्याच दिवशी गोळी घातली. मॉस्कोत राहणारे अबनी मुखर्जी त्याच ऑक्टोबरमध्ये गेले. अलिगढला शिकलेले सिराजगंजचे गुलाम अंबिया खान लुहानी पुढच्या सप्टेंबरमध्ये. असे खटले काही मिनिटांत उरकत. घरच्यांना सांगायचं ठरलेलं वाक्य होतं: दहा वर्षं कैद, पत्रव्यवहाराला परवानगी नाही. त्या वाक्याचा खरा अर्थ बायका-मुलांना कित्येक वर्षांनी कळला. चट्टो नेमके केव्हा आणि कसे गेले, ते सोव्हिएत कागद उघडले तेव्हा स्पष्ट झालं. सरोजिनीबाई मार्च १९४९ मध्येच वारल्या होत्या.

या घराचा संशयाशी संबंध इथेच संपत नाही. चट्टोंची धाकटी बहीण सुहासिनी कम्युनिस्ट चळवळीत होती. तिचं पहिलं लग्न ए. सी. एन. नंबियार यांच्याशी झालं. पुढे ती मुंबईला आली आणि जांभेकरांच्या घरची सून, सुहासिनी जांभेकर झाली. नंबियार बर्लिनमध्ये नेताजींचे सहकारी, स्वातंत्र्यानंतर पश्चिम जर्मनीत भारताचे राजदूत. ते वारले १९८६ मध्ये. आणि २०१४ मध्ये ब्रिटनने आपल्या गुप्तचर खात्याचे जुने कागद खुले केले, त्यांत सोव्हिएत बाजूने फुटून आलेल्या एका माणसाच्या सांगण्यावरून नंबियार हे १९२० च्या दशकापासून सोव्हिएत हेर होते, असा आरोप निघाला. वर्तमानपत्रांत मोठे मथळे आले. उत्तर द्यायला माणूस नव्हता.

हे सगळं एका बैठकीत सांगून झालं नाही, दोन रात्री लागल्या. जासूस हा शब्द अरबी, आणि ज्या तजस्सुसला, म्हणजे लोकांची खाजगी गोष्ट उकरण्याला, सूरह हुजुरातमध्ये मनाई आहे, तो त्याच धातूचा, एवढंही मध्ये सांगून घेतलं. भाच्याने ऐकून घेतलं आणि विचारलं, “पण चट्टो हेर होते की नव्हते?” इंग्रजांच्या लेखी ते जर्मनांचे हस्तक होते, स्टालिनच्या लेखी परक्यांचे. आम्ही वाचलेल्यात तरी, आपला देश सोडवायचा यापलीकडे त्यांनी कुणाची चाकरी केल्याचं दिसत नाही. आम्ही तसंच सांगितलं.

तिसऱ्या रात्री जासूसी सिनेमा नको म्हणून ‘बावर्ची’ लावला. त्यातले खाटेवरचे कुरकुरे दादाजी आले तसं आम्ही म्हटलं, हे बघा, हे हरींद्रनाथ चट्टोपाध्याय, त्यांचे सर्वांत धाकटे भाऊ. थोरला भाऊ हैदराबादच्या घरातून विलायतेला निघाला तेव्हा हे चार-पाच वर्षांचे असतील. तो भाऊ त्या घरी परत आला नाही. मुलं एकदम गप्प झाली, मग राजेश खन्ना आत आला आणि सगळी पुन्हा हसू लागली.