दावा परगावी लागला तर

नर्मदेच्या उत्तरेस, मुंबई-आग्रा मार्गावर, धामनोद हे धार जिल्ह्यातील बाजाराचे गाव आहे. संस्थानी राजवटीत एका बाजूस होळकरांचे महेश्वर, तर दुसऱ्या बाजूस धारच्या पवारांचा मुलूख. काही कोस चालले की राजा बदले, आणि त्याबरोबर न्यायालयही. परक्या संस्थानातून आलेले समन्स गुंडाळून ठेवावे, ही त्या काळची वृत्ती निव्वळ उद्दामपणाची नव्हती. तिला कायद्याचा आधार होता.

ग्वाल्हेरचे सरदार मालोजी नरसिंगराव शितोळे यांच्या खटल्यात त्याचा प्रत्यय येतो. ग्वाल्हेरच्या न्यायालयाकडून त्यांना १९४८ साली एकतर्फी हुकूमनामा मिळाला. प्रतिवादी संस्थानाबाहेरचे होते. पुढे या हुकूमनाम्याची अंमलबजावणी अलाहाबादेत मागितली गेली, तेव्हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचला. ज्यांनी ग्वाल्हेरच्या न्यायालयाची सत्ता मान्यच केली नव्हती, त्यांच्याविरुद्धचा हा हुकूमनामा परकीय न्यायालयाचा असल्याने अलाहाबादेत बजावता येत नाही, असा निर्णय १९६२ साली झाला.

मात्र हा आधार आता उरलेला नाही. १ एप्रिल १९५१ पासून १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता पूर्वीच्या बहुतेक संस्थानी प्रदेशांस लागू झाली. धुळ्याचा हुकूमनामा आज धारला रीतसर पाठविला जातो आणि तेथे जप्ती निघते. जुन्या समजुतीवर विसंबून घरी बसणारा माणूस म्हणूनच फसतो.

समजा, धामनोदच्या एका व्यापाऱ्याने तेथेच कापसाचा सौदा केला, माल तेथेच दिला आणि पैसेही तेथेच घेतले. माल हलका निघाला म्हणून धुळ्याच्या खरेदीदाराने भरपाईचा दावा मात्र धुळ्यास लावला. संहितेच्या विसाव्या कलमाप्रमाणे असा दावा प्रतिवादी जेथे राहतो किंवा धंदा करतो तेथे, अथवा वादाचे कारण पूर्णतः वा अंशतः जेथे घडले तेथे चालतो. तेव्हा व्यापाऱ्याची हरकत रास्त आहे. पण ती केव्हा घ्यावी? एकविसावे कलम सांगते की, स्थळासंबंधीची हरकत मूळ न्यायालयात, पहिल्या संधीस, आणि मुद्दे काढले जात असतील तर ते निश्चित होण्यापूर्वी घेतली पाहिजे. एवढे करूनही अपिलात ती मान्य होण्यासाठी, चुकीच्या स्थळामुळे न्यायाची हानी झाली हे दाखवावे लागते. हरल्यानंतर दरखास्तीच्या वेळी स्थळाची आठवण होऊन उपयोग नाही. हिरालाल पाटणी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६१ साली हेच सांगितले: स्थळाची हरकत पक्षकारास सोडून देता येते, आणि एकदा सोडली की पुन्हा उकरता येत नाही.

विषयावरील अधिकाराची गोष्ट मात्र निराळी. महाराष्ट्रात जमिनीचा कसणारा कूळ आहे की नाही, हा प्रश्न कूळकायद्याने मामलेदाराकडे सोपविलेला आहे. दोन्ही पक्षांनी कितीही एकमताने तो दिवाणी न्यायालयापुढे ठेवला, तरी त्या संमतीने न्यायालयास तो अधिकार प्राप्त होत नाही.

हेच तत्त्व पावतीच्या तळाशी बारीक अक्षरांत छापलेल्या ओळीलाही लागू पडते. 'वाद अमुक शहराच्या न्यायालयात' ही ओळ सही करताना कोणी वाचीत नाही! कायद्याने अधिकार असलेल्या दोन न्यायालयांपैकी एक निवडण्याची मुभा करारास आहे. ज्या शहराचा व्यवहाराशी काही संबंधच नाही, तेथील न्यायालयास असा अधिकार बहाल करता येत नाही.

हरकतीचा दुरुपयोगही झाला आहे. महाराष्ट्रात १९७७ साली संहितेत कलम ९-अ घालण्यात आले. अंतरिम मनाईच्या अर्जावर अधिकाराची हरकत निघाली की तिचा निर्णय आधी करावा, अशी त्यात योजना होती. तिच्या आश्रयाने दावे वर्षानुवर्षे रेंगाळू लागले, आणि २०१८ साली ते कलम रद्द झाले.

धामनोदच्या व्यापाऱ्याची हरकत वेळेवर घेतली गेली आणि मान्य झाली, तर धुळ्याचे न्यायालय दावा निकालात न काढता दाव्याचा अर्ज योग्य न्यायालयात दाखल करण्यासाठी परत करते. वादीने सद्भावनेने व तत्परतेने काम चालविले असल्यास धुळ्यास गेलेला काळ मुदतीच्या हिशेबातून वगळला जातो, आणि तोच दावा धार जिल्ह्यातील न्यायालयात पुन्हा उभा राहतो.