फ्लॉपीतली बोटं

गणेशोत्सवात, लग्नाच्या स्वागत समारंभात ज्यांनी वीस-पंचवीस वर्षांपूर्वी ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवला, त्यांच्या कपाटात फ्लॉपींची एखादी डबी हमखास सापडते. तिच्यात गाण्यांच्या मिडी फाइली असतात. आपल्याकडच्या पावसाळी हवेत फ्लॉपीला बुरशी धरते, तेव्हा डबी आत्ताच उघडलेली बरी.

मिडी ही पद्धत १९८३ साली आली. या फाइलीत आवाज नसतोच. कोणती पट्टी, किती जोराने दाबली, केव्हा सोडली, याची नोंद असते. थोडक्यात, जपलेली असतात ती वादकाची बोटं!

पहिलं काम प्रत काढण्याचं. चकतीवर बुरशीचे डाग दिसले तर ती ड्राइव्हमध्ये घालू नका. ड्राइव्हचं डोकंही खराब होतं. सगळे प्रयोग प्रतीवरच करावेत.

फाइल उघडतच नसेल तर बहुधा ती अर्धवट उतरलेली असते. प्रत्येक ट्रॅकच्या आरंभी त्याची लांबी लिहिलेली असते. ती जुळली नाही की सॉफ्टवेअर हात वर करतं. लांबीचा आकडा सुधारून शेवटची खूण घातली, की उरलेला भाग वाजतो. एखादा सूर थांबतच नसेल, तर पट्टी सोडल्याची नोंद हरवली आहे असं समजावं.

वाद्यांची अदलाबदल ही त्याहून गमतीची. १२८ वाद्यांचे ठरलेले क्रमांक १९९१ साली आले. त्याआधी ज्याचे त्याचे क्रमांक, त्यामुळे बासरीच्या जागी ट्रम्पेट ओरडतो. नव्या ठरावात तालवाद्यांना दहावा चॅनल आहे. जुना ठेका दुसऱ्या चॅनलवर असला, तर ढोलकीऐवजी पियानो बडबडू लागतो.

खरी परीक्षा मींडेची. पिच बेंडची चाकोरी सहसा दोन अर्धस्वरांची असते. वादकाने ती बारा केली असेल आणि फाइलीत तशी नोंद नसेल, तर मींड मध्येच अडते. आकडा बारा करून पाहावा.

यानंतर नवे आवाज जोडा, वर खरा तबला ध्वनिमुद्रित करा. फक्त संगणकाचं ‘क्वांटाइझ’ बटण दाबण्याचा मोह आवरा. त्याने सगळे सूर मात्रेवर सरळ बसतात खरे, पण वादकाने समेआधी मुद्दाम रेंगाळवलेला सूरही सरळ होतो. मग नव्याने वाजवलेलं काय वाईट? चुकलेला सूर तेवढा हाताने हलवावा. आणि मूळ गाण्याचे हक्क दुसऱ्याचे असतील, तर सीडी काढण्याआधी परवानगी घ्यावी.