माल, मार्ग आणि मधली हमाली



दुकानातून आपण एखादी वस्तू विकत आणतो, तेव्हा तिच्या किमतीत कारखानदाराचा खर्च, व्यापाऱ्याचा नफा आणि सरकारचा कर असतो, हे आपणांस ठाऊक असते. परंतु ती वस्तू आपल्या हाती येईपर्यंत किती वेळा उचलली गेली आणि किती वेळा खाली ठेवली गेली, हे आपण सहसा विचारीत नाही. आज आपणांस त्याच उचल-ठेवीचा हिशेब मांडावयाचा आहे.

विदर्भातील कापसाची गाठ परदेशी जावयाची आहे असे समजू. जुन्या पद्धतीने ती प्रथम प्रेसिंगमधून ट्रकवर चढे. मग मालधक्क्यावर उतरे, तेथून वाघिणीत चढे, बंदरातल्या गोदामात उतरे आणि यारीने बोटीत जाई. प्रत्येक ठिकाणी हमाली, तोलाई, वाराई, मोजणी आणि नवी पावती. प्रत्येक ठिकाणी थोडी नासधूस, थोडी चोरी आणि पुष्कळ खोळंबा. मार्ग तीन, पण सांधे पाच. वाहतुकीचे अर्थशास्त्र या सांध्यांवर फिरते.

वाहतुकीच्या खर्चाचे दोन भाग पडतात. एकास आपण वाटेचा खर्च म्हणू; तो अंतराबरोबर वाढतो. दुसऱ्यास टोकाचा खर्च म्हणू. माल शंभर किलोमीटर जावो की हजार, तो तेवढाच राहतो. पोलादी रुळावर पोलादी चाक थोड्या जोराने चालते आणि एक इंजिन शेकडो टन ओढते, म्हणून रेल्वेचा वाटेचा खर्च कमी असतो. बोटीचा तर त्याहूनही कमी. पण रेल्वे आपल्या दारी येत नाही आणि बोट तर नाहीच नाही. ट्रक मात्र दारातून निघतो आणि दारात पोहोचतो. त्याचा वाटेचा खर्च जास्त आणि टोकाचा अगदी थोडा.

हे आकड्यांत पाहू. आकडे समजुतीसाठी घेतलेले आहेत. समजा, एका मोठ्या पेटीस ट्रकने किलोमीटरला 50 रुपये पडतात आणि रेल्वेने 25. परंतु रेल्वेच्या बाबतीत पेटी स्थानकावर नेणे, चढविणे, उतरविणे आणि शेवटी ट्रकने घरपोच करणे यांस 15,000 रुपये जास्त लागतात. मग 300 किलोमीटरला ट्रकचे 15,000 आणि रेल्वेचे 22,500 होतील. तेथे ट्रकच बरा. 1,200 किलोमीटरला ट्रकचे 60,000 आणि रेल्वेचे 45,000. तेथे रेल्वे जिंकली. दोहोंची बरोबरी 600 किलोमीटरवर होते. आता आपण टोकाचा खर्च 15,000 वरून 10,000 वर आणला, तर ही बरोबरी 400 वरच होते. रूळ तेच, इंजिन तेच, डिझेलचा भाव तोच; नुसता सांधा सुधारला आणि दोनशे किलोमीटरचा मुलूख रेल्वेच्या कक्षेत आला.

सांधा किती महाग पडतो, हे महाराष्ट्राने कुर्डुवाडीस पाहिले आहे. 1897 साली सुरू झालेली बार्शी लाइट रेल्वे अडीच फुटी रुळांची होती आणि मुंबईकडून येणारा मोठा मार्ग साडेपाच फुटी. एका रुळाची वाघीण दुसऱ्या रुळावर जाईना. तेव्हा धान्याची पोती आणि कापसाच्या गाठी कुर्डुवाडीस एका गाडीतून उतरवून दुसरीत भरणे भाग पडे. छोटा रूळ घालताना भांडवल वाचले हे खरे, आणि त्या भागास रेल्वे मिळाली हेही खरे. पण त्या काटकसरीचे व्याज पुढे पिढ्यान्‌पिढ्या सांध्यावर द्यावे लागले.

यावर जगाने जो तोडगा काढला तो म्हणजे कंटेनर, म्हणजेच लोखंडी पेटी. वाहन बदलावयाचे, पण माल हलवावयाचा नाही, ही त्यामागची युक्ती. 26 एप्रिल 1956 रोजी माल्कम मॅक्लीन या अमेरिकन ट्रकवाल्याने ‘आयडियल एक्स’ नावाच्या बोटीवर 58 पेट्या ठेवून त्या न्यूअर्कहून ह्यूस्टनला नेल्या. सुटा माल बोटीत भरावयास त्या काळी टनामागे सुमारे 6 डॉलर लागत. मॅक्लीनच्या माणसांच्या हिशेबाने पेटीमुळे तेच काम सुमारे 16 सेंटांत झाले. पुढे पेट्यांची लांबी-रुंदी आणि कोपऱ्यांची कडी साऱ्या जगात सारखी ठरली, म्हणून एका देशाची पेटी दुसऱ्या देशाच्या यारीला उचलता येऊ लागली. आपल्याकडे 1981 साली बंगलोरला देशातील पहिले अंतर्गत कंटेनर केंद्र झाले आणि 1989 साली न्हावाशेवा बंदर सुरू झाले. समुद्र नसलेल्या गावीही मग जकातीचे सोपस्कार होऊ लागले. एका अर्थी, बंदरच रुळावरून आत चालून आले.

पण पेटी आली म्हणजे नियोजन संपले असे नव्हे. खरे तर ते तेथे सुरू होते. पंचेचाळीस वाघिणींच्या गाडीत वीस फुटी नव्वद पेट्या मावतात. ज्या गावातून रोज दहा पेट्या निघतात, तेथे गाडी भरावयास नऊ दिवस लागतील. पहिल्या दिवशी आलेली पेटी तोवर ताटकळणार. पेटीत 20 लाखांचा माल असेल आणि व्याज वर्षास बारा टक्के असेल, तर एका दिवसाचे व्याज साडेसहाशेच्या वर जाते. कोळशाला थांबणे परवडते. संत्र्याला परवडत नाही. म्हणून दहा गावांचा माल एका केंद्रावर आणावा, तर आणण्याचा खर्च वाढतो. केंद्रे पुष्कळ काढावी, तर गाड्या रिकाम्या राहतात. केंद्र कोठे आणि किती, हा प्रश्न येथे उभा राहतो, आणि तो मतांच्या हिशेबाने सुटत नाही, मालाच्या हिशेबाने सोडवावा लागतो.

दुसरी गोष्ट परतीची. जाताना भरलेली गाडी येताना रिकामी आली, तर येण्याचा खर्चही जाणाऱ्या मालाच्याच बोकांडी बसतो. तिसरी गोष्ट पावतीची. ट्रकवाल्याची बिल्टी वेगळी, रेल्वेची रसीद वेगळी, बोटीचा कागद वेगळा असला, की माल भिजल्यावर प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवितो. निर्यातीच्या मालासाठी 1993 च्या बहुविध वाहतूक कायद्याने एकच दस्तऐवज आणि एकच जबाबदार माणूस अशी सोय केली. लोखंडी पेटीने मालाचा सांधा मिटविला. या कागदाने जबाबदारीचा.

सांधा मिटविण्याची आणखी एक तऱ्हा आपल्या कोकणात आहे. 1999 पासून कोकण रेल्वेवर भरलेला ट्रक चालकासकट कोलाडला वाघिणीवर चढतो आणि गोव्याकडे जातो. माल हलत नाही, हमाली नाही, घाटातील वळणांची दगदग नाही. मात्र मालाबरोबर ट्रकचे स्वतःचे वजनही ओढावे लागते, ही त्याची किंमत. उलट, दादरीपासून न्हावाशेवापर्यंत आखलेल्या मालवाहू मार्गावर तारा उंच बांधल्या आहेत. तेथे 7 जानेवारी 2021 रोजी पेटीवर पेटी रचलेली दीड किलोमीटर लांबीची गाडी सोडण्यात आली. एक तऱ्हा थोड्या मालास सोयीची, दुसरी प्रचंड मालास. सर्व रोगांवर एक औषध येथेही नाही.

रस्त्याच्या भाड्यात एक खर्च दिसत नाही, तोही सांगितला पाहिजे. 1958 ते 1960 या काळात अमेरिकेत रस्त्यांवर मोठे प्रयोग झाले. त्यांतून असे दिसले, की कण्यावरील वजन दुप्पट झाले तर रस्त्याची झीज सुमारे सोळा पट होते. जादा माल भरून धावणारा ट्रक भाडे स्वस्त सांगतो, कारण बाकीची रक्कम खड्ड्यांच्या रूपाने आपण सारे भरतो.

आता मी ज्या बाजूने हा विषय शिकलो ती बाजू. मघाच्या उदाहरणात सांधा सुधारून पाच हजार रुपये वाचले, असे मी म्हटले. ते कोठून वाचले? काही खोळंब्यातून, काही नासधुशीतून. पण काही भाग कोणाची तरी मजुरी होता. अर्थशास्त्राच्या वहीत जो ‘हाताळणीचा खर्च’ असतो, तोच हमालाच्या घरी पोटाची भाकर असतो. 1948 च्या गोदी कामगार कायद्याने आणि 1969 च्या माथाडी कायद्याने या रोजंदारीच्या माणसास नोंदणी आणि काहीसे स्थैर्य दिले. तेच सांधे पेटीने मिटविले. पेट्यांचा व्यापार न्हावाशेव्याकडे गेला, मुंबईच्या जुन्या गोद्यांतील टोळ्यांचे काम आटले.

मी यंत्राचा वैरी नाही. शंभर किलोचे पोते पाठीवर वाहून म्हातारपणी मणका मोडलेला माणूस ज्याने पाहिला आहे, तो यारीला शिव्या देणार नाही. प्रश्न बचतीच्या वाटणीचा आहे. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर हॅरी ब्रिजेस यांच्या गोदी संघटनेने 1960 साली मालकांशी करार केला: यंत्रे येऊ द्या, पण नोंदलेल्या कायम कामगारास काढावयाचे नाही, आणि लवकर निवृत्त होणाऱ्यास फंडातून रक्कम द्यावयाची. मालकांनी त्यासाठी साडेपाच वर्षांत 2 कोटी 90 लाख डॉलर देण्याचे मान्य केले. त्या करारातही हंगामी कामगार बाहेर राहिला, हा त्याचा उणेपणा. परंतु बचत मोजता येते आणि मोजली की वाटताही येते, एवढे त्याने दाखवून दिले.

म्हणून उद्या आपल्या जिल्ह्यात मालाचे नवे केंद्र होणार असे कानावर आले, तर चार प्रश्न अवश्य विचारा. रोज माल किती निघणार? परतीला काय भरणार? माल बिघडला तर जबाबदार कोण? आणि ज्यांचे काम या सांध्यावर होते, त्यांच्यासाठी अंदाजपत्रकात किती रक्कम धरली आहे? पहिल्या तिन्हींची उत्तरे तयार असतील. चौथ्याचे उत्तर नसेल, तर तो आराखडा अपुरा आहे असे खुशाल समजा. त्याचा खर्च कमी झालेला नसतो. तो फक्त वहीच्या पानावरून उचलून कोणाच्या तरी पाठीवर ठेवलेला असतो.