न्यायमूर्तींचा मदतनीस

सिनेमातलं कोर्ट तुम्ही पाहिलंच असेल. वकील ओरडतायत, न्यायाधीश हातोडा आपटतायत, ‘ऑर्डर, ऑर्डर!’ मुंबई उच्च न्यायालयात मात्र हातोडा शोधूनही सापडायचा नाही. १८६२ साली सुरू झालेलं हे न्यायालय १८७९ पासून फोर्टातल्या उंच दगडी इमारतीत आहे. तिथे खरं राज्य चालतं ते कागदांचं!

एवढे कागद न्यायमूर्ती एकटे कसे वाचणार? त्यांच्या मदतीला असतो लॉ क्लार्क. नावात क्लार्क असला तरी हा कारकून नव्हे बरं का! कायद्याची पदवी नुकतीच घेतलेला हा मुलगा किंवा मुलगी ठरावीक मुदतीपुरती इथे काम करते.

समजा, पोलिसांनी आपल्या मुलाला बेकायदा डांबलंय, अशी एका आईची तक्रार आहे. राज्यघटनेच्या २२६ व्या कलमामुळे ती थेट उच्च न्यायालयात दाद मागू शकते. ‘त्याला आमच्यासमोर हजर करा,’ असं न्यायमूर्ती पोलिसांना फर्मावू शकतात. याचं नाव हेबियस कॉर्पस.

आता लॉ क्लार्क कामाला लागतो. मुलाला पकडलं कधी? अटक केलेल्या माणसाला, प्रवासाचा वेळ सोडून, २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे न्यायलाच हवं. नेलं का? आई काय म्हणते, पोलीस काय म्हणतात? अशाच प्रकरणांत पूर्वी काय निकाल लागले? हे सगळं शोधून तो टिपण काढतो. त्यात अटकेची तारीख एका दिवसानं चुकली, तर? कोठडीतल्या मुलाचा सगळा हिशेबच बदलला की! म्हणून प्रत्येक तारीख मूळ कागदाशी ताडून बघायची. आणि फायलीतलं काही बाहेर बोलायचं नाही, अगदी घरीसुद्धा.

पण टिपण म्हणजे निकाल नव्हे. दोन्ही बाजूंचं म्हणणं न्यायमूर्ती स्वतः ऐकतात, वकिलांना आडवेतिडवे प्रश्न विचारतात. कधी टिपणात नसलेलाच मुद्दा तिथे निघतो! काही प्रकरणं दोन न्यायमूर्ती मिळून ऐकतात. त्यांचं एकमत झालं नाही, तर मतभेदाचा मुद्दा तिसऱ्यांकडे जातो. निकाल काय द्यायचा, हे लॉ क्लार्क ठरवत नाही. निकालपत्रावर सही न्यायमूर्तींची. रात्र रात्र वाचणाऱ्या त्या मदतनिसाचं नाव त्यात सहसा नसतं.